बर्फाच्या वाटेवर पहिल्यांदा जाताय? हिमस्खलनाची तयारी, टप्प्याटप्प्याने

उंच डोंगरात बर्फाच्या वाटेवर पहिल्यांदा जाणारे विरळ हवेची चिंता करतात, थंडीची करतात, बुटांची तर फारच करतात. हिमस्खलनाचा विषय निघाला की मात्र "ते गिर्यारोहकांचं, आपण नुसते वाटेने चालणार" असं म्हणून पुढे सरकतात. हा समज जीवघेणा आहे. वाट दरीच्या तळातून सपाट जात असली तरी तिच्या डोक्यावर उतार असतोच, आणि त्या उतारावरचा बर्फ सुटला की तो वाटेवरच येऊन थांबतो.

ऑक्टोबर २०१४ मध्ये नेपाळमधल्या अन्नपूर्णा आणि धौलागिरी भागात हेच झालं. ट्रेकचा ऐन हंगाम होता. हुडहुड चक्रीवादळाचं उरलेलं अंग हिमालयाला धडकलं, अवेळी प्रचंड बर्फ पडला, आणि वादळ व हिमस्खलनं मिळून चाळीसहून अधिक माणसं गेली. त्यात शिखरावर चढणारे होते तसे थोरोंग ला ही ५,४१६ मीटरवरची खिंड ओलांडणारे साधे पदभ्रमंती करणारेही होते.

मी बर्फातलं प्राथमिक प्रशिक्षण घेतलं तेव्हा माहिती चहूकडून अंगावर आली, पण कशानंतर काय करायचं ते कुणी सलग सांगितलं नाही. ते इथे क्रमाने लिहितो आहे. हे वाचून प्रशिक्षणाची गरज संपत नाही, पण कुठे काय विचारायचं आणि कुठे थांबायचं ते कळेल.

१. बर्फ सुटतो कसा, ते आधी समजून घ्या

डोंगरावरचा बर्फ एकजीव नसतो. प्रत्येक हिमवृष्टीचा वेगळा थर बसतो. काही थर घट्ट, काही कमकुवत. कमकुवत थरावर वाऱ्याने आणलेल्या बर्फाची घट्ट लादी बसली की सापळा तयार होतो. वरून सगळं पांढरं, गुळगुळीत आणि पक्कं दिसतं. एका माणसाच्या वजनाने खालचा थर ढासळतो आणि अख्खी लादी तडकून एकदम निघते. कोरडी लादी तासाला शंभर किलोमीटरच्या वेगाने येऊ शकते, त्यामुळे पळून सुटण्याचा विचार मनातून काढून टाका.

हा कमकुवत थर एकदा डोळ्यांनी बघाच. प्रशिक्षणात बर्फात उभा खड्डा खणतात. त्याच्या भिंतीवरून बोटं फिरवत खाली गेलं की वरचा भाग टणक लागतो, आणि तळाशी बोट सहज आत घुसतं. तिथले दाणे मुठीत घेतले तर साखरेसारखे बोटांतून गळून जातात, कितीही दाबले तरी त्यांचा गोळा होत नाही. वरचा सगळा भार या दाण्यांवर उभा असतो. एकदा हे हाताने तपासलं की पांढऱ्या उताराकडे बघण्याची नजर बदलते.

दुसरे प्रकार थोडक्यात. उन्हाने भिजून जड झालेला ओला बर्फ दुपारी सुटतो. धारेवरून वाऱ्याच्या उलट बाजूला लोंबणारे बर्फाचे छज्जे तुटतात. आणि हिमनदीचे टांगलेले कडे कोसळतात. हा शेवटचा प्रकार हंगाम पाळत नाही. इटलीतल्या मार्मोलाडा पर्वतावर ३ जुलै २०२२ ला, भर उन्हाळ्यात, हिमनदीचा तुकडा सुटून ११ जण मरण पावले.

आणखी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवा. बर्फाच्या उतारावर गेलेल्यांच्या जीवघेण्या अपघातांत दहापैकी साधारण नऊ वेळा बर्फ सुटतो तो सापडलेल्याच्याच किंवा त्याच्या सोबत्याच्या वजनाने. याचा अर्थ, उतारावर जायचं की नाही हा निर्णय बहुतेक वेळा आपल्याच हातात असतो. पुढचे सगळे टप्पे त्या एका निर्णयासाठी आहेत.

२. पैसे भरण्याआधी आयोजकाला विचारा

आयोजकाच्या पानावरची सुंदर छायाचित्रं बघून नाव नोंदवू नका. फोन करा आणि सरळ विचारा:

- या वाटेवर हिमस्खलनाचे पट्टे कुठे कुठे आहेत, आणि ते कोणत्या वेळी ओलांडता?
- तंबूची जागा कोणत्या उताराखाली आहे?
- ताजा बर्फ पडला तर किती थांबता? राखीव दिवस आहे का?
- गटाच्या प्रमुखाने हिमस्खलन बचावाचं प्रशिक्षण घेतलं आहे का?
- परत फिरायचा निर्णय कोण घेतो, आणि तेव्हा पैशांचं काय होतं?

"इथे कधीच काही होत नाही" असं उत्तर आलं तर तिथेच नमस्कार करा. जाणकार माणूस जागा सांगतो, वेळ सांगतो, कधी आणि कुठून परत फिरलो ते सांगतो. राखीव दिवसाचा प्रश्न विशेष महत्त्वाचा, कारण वेळापत्रक ताणलेलं असलं की वादळ सरल्या सरल्या निघण्याचा मोह होतो, आणि नेमकी तीच वेळ वाईट असते.

अनुभवी माणूस सोबत आहे म्हणून निर्धास्त होऊ नका. उत्तरकाशीच्या नेहरू पर्वतारोहण संस्थेची तुकडी ४ ऑक्टोबर २०२२ ला द्रौपदी का डांडा-२ या शिखराजवळ हिमस्खलनात सापडली आणि २९ जणांचा बळी गेला. त्यात एव्हरेस्ट चढून आलेली प्रशिक्षिकाही होती. बर्फ कुणाचा अनुभव विचारत नाही.

३. कागदपत्रं

- ओळखपत्र, परवाने आणि त्यांच्या प्रती. एक संच सॅकमध्ये, एक घरी.
- विमा पॉलिसी. तिच्यातली उंचीची मर्यादा वाचा. बऱ्याच साध्या प्रवास विम्यांत ठरावीक उंचीपुढे किंवा दोर व क्रॅम्पॉन (बुटाखाली बांधायचे लोखंडी काटे) लागणाऱ्या वाटेवर संरक्षण नसतं. शोधमोहीम आणि हेलिकॉप्टरचा खर्च स्पष्ट शब्दांत लिहिलेला हवा.
- डॉक्टरांचं तंदुरुस्तीचं प्रमाणपत्र. रक्तगट, ॲलर्जी आणि चालू औषधं लिहिलेलं कार्ड. हे कार्ड अंगावरच्या खिशात ठेवा, कारण सॅक अंगावर राहीलच असं नाही.
- वाटेचा कागद: कोणत्या दिवशी कुठे मुक्काम, कधीपर्यंत संपर्क न झाल्यास कुणाला कळवायचं. हा घरच्यांकडे द्या.

परवान्यावरची हद्द ही कागदापुरती गोष्ट समजू नका. सिक्कीममध्ये नाथू ला रस्त्यावर ४ एप्रिल २०२३ ला हिमस्खलनात सात पर्यटक दगावले. पास तेराव्या मैलापर्यंतचे होते, माणसं पंधराव्या मैलाजवळ होती.

सॅटेलाइट फोन किंवा संदेशयंत्र नेणार असाल तर त्या देशाचा नियम आधी तपासा. भारतात ते परवानगीशिवाय बाळगणं गुन्हा आहे आणि विमानतळावर अटक होऊ शकते.

४. साधनं: तिन्ही किंवा एकही नाही

बीकन, प्रोब आणि फावडं. हे त्रिकूट प्रत्येकाकडे हवं. गटात एकच संच असून उपयोग नाही, कारण तो ज्याच्याकडे आहे तोच गाडला गेला तर?

बीकन म्हणजे छातीला बांधायचं छोटं यंत्र. एरवी ते संकेत पाठवत राहतं, शोधताना कळ फिरवली की दुसऱ्याचे संकेत पकडतं. सगळ्या कंपन्यांची आधुनिक यंत्रं ४५७ किलोहर्ट्झ या एकाच वारंवारतेवर चालतात, म्हणून वेगवेगळ्या कंपन्यांची एकमेकांबरोबर चालतात. तीन अँटेना असलेलंच घ्या. भाड्याने मिळतं, पण घेताना तिथेच चालू करून बॅटरी किती उरली ते बघा. उत्पादकाने वेगळं सांगितलं नसेल तर अल्कलाइन बॅटरीच घाला.

प्रोब म्हणजे घडीची लांब काठी, निदान २४० सेंटिमीटरची. फावडं धातूच्या पात्याचं हवं. प्लॅस्टिकचं फावडं ताज्या बर्फात ठीक वाटतं, पण थांबलेल्या हिमस्खलनाचा बर्फ घट्ट बसतो, त्यावर ते वाकतं किंवा तुटतं.

इथे हमखास होणारी चूक म्हणजे बीकनजवळ मोबाइल. फोन, स्मार्टवॉच, कॅमेरा, तापणारे हातमोजे, चुंबकाची बटणं, ही सगळी संकेतात गोंधळ घालतात. चालताना ती बीकनपासून निदान २० सेंटिमीटर आणि शोधताना निदान ५० सेंटिमीटर लांब ठेवा. सरावात एकाच्या छातीच्या खिशात फोन राहिला होता. बीकनवरचा बाण सारखा दिशा बदलत होता, आणि फोन बंद करून मागच्या सॅकमध्ये टाकताच तो एका दिशेला स्थिरावला.

फोनमधलं ॲप बीकनची जागा घेऊ शकत नाही, ते कितीही छान दिसलं तरी. फुग्याची सॅक (मूठ ओढली की फुगा फुगवणारी) मिळत असेल तर ती गाडलं जाण्याची शक्यता कमी करते, पण झाडा-कातळावर आपटण्यापासून वाचवत नाही. हेल्मेट घाला.

५. निघण्याआधी हात बसवा

साधन विकत घेऊन काम संपत नाही. एक बीकन पिशवीत घालून कुणाला तरी लपवायला सांगा आणि शोधा. मैदानावर, गवतात, कुठेही जमतं. पुन्हा पुन्हा करा. मग हातमोजे घालून करा. मग कुणीतरी शेजारी ओरडत असताना करा, कारण खऱ्या वेळी शांतता नसते. प्रोब उघडून ताणून बसवणं आणि फावड्याचा दांडा जोडणं डोळे मिटून जमलं पाहिजे.

सॅकमध्ये प्रोब आणि फावडं हाताशी राहील असं ठेवा. स्लीपिंग बॅगच्या खाली दडलेलं फावडं काढायला जी दोन मिनिटं जातात, ती दुसऱ्या कुणाच्या तरी श्वासातून जातात.

६. हवामान आणि इशारा वाचा

बऱ्याच डोंगराळ देशांत हिमस्खलनाचा इशारा रोज प्रसिद्ध होतो. स्वित्झर्लंडमध्ये दावोसची संस्था हे काम करते, भारतात चंडीगढची डीजीआरई ही संरक्षण संशोधन संस्था. युरोपात आणि उत्तर अमेरिकेत धोक्याचे आकडे १ ते ५ असे असतात. नवखे लोक ३ बघून "मधलं आहे, चालेल" म्हणतात. तसं करू नका. ४ आणि ५ ला माणसं घरात बसतात. ३ ला बाहेर पडतात, आणि सर्वाधिक जीव याच पातळीवर जातात. आकड्याबरोबर कोणत्या दिशेचे आणि कोणत्या उंचीचे उतार धोक्याचे आहेत तेही लिहिलेलं असतं. ते वाचल्याशिवाय आकडा अर्धवट आहे.

जिथे इशारा मिळत नाही तिथे या खुणांवर चाला:

- गेल्या दोन-तीन दिवसांत भरपूर बर्फ. एका दिवसात ३० सेंटिमीटरच्या आसपास पडला आणि वाराही असला तर उतारांपासून लांबच राहा.
- वारा. आभाळ निरभ्र असतानाही वारा एका बाजूचा बर्फ उचलून धारेपलीकडे साठवतो. वाऱ्याच्या आडोशाचा उतार सर्वांत फसवा.
- अचानक ऊब किंवा बर्फावर पाऊस.

वादळानंतरचा पहिला लख्ख दिवस फार देखणा असतो. सगळे तंबूत कंटाळलेले असतात, आभाळ निळं, बर्फ चमकतो आहे. अशा दिवशी थांबा. नव्या बर्फाला बसायला निदान एक-दोन दिवस लागतात. थंडी फार असेल तर जास्तही. शेजारचा गट निघाला म्हणून निघू नका. त्यांच्या पाऊलखुणांनी उतार सुरक्षित होत नाही. पहिल्याच्या खाली न सुटलेली लादी पाचव्याच्या खाली सुटते.

७. उतार मोजा, आणि वर बघा

लादीची हिमस्खलनं मुख्यतः ३० ते ४५ अंशांच्या उतारावर सुटतात. त्याहून कमी चढाचा उतार सहसा धरून राहतो. पण डोळ्यांना अंदाज येत नाही, म्हणून मोजायला शिका. फोनमध्ये कोनमापक असतं. फोन बंद पडला तर दोन सारख्या लांबीच्या काठ्या पुरतात. एक काठी बर्फावर सरळ उभी धरा. दुसरी पूर्ण आडवी धरून तिचं टोक चढाच्या बाजूला उताराला टेकवा. आडवी काठी उभीच्या माथ्याला लागली तर उतार ४५ अंशांचा. मध्यापेक्षा थोडी वर लागली तर ३० अंशांचा. हे करायला मिनिटभरही लागत नाही.

नुसता पायाखालचा उतार मोजून भागत नाही. दर थोड्या वेळाने थांबून वर बघा. वर बर्फाने भरलेला मोठा उतार किंवा धारेवर छज्जा आहे का? जंगलात वरून खाली झाडाविना सरळ पट्टा दिसतो का, आणि कडेची झाडं एकाच बाजूने फांद्या तुटलेली आहेत का? तळाशी मातकट, ढेकळांचा बर्फ पसरला आहे का? असं असेल तर ती हिमस्खलनाची नेहमीची वाट आहे. तिथे न्याहारीला बसू नका, छायाचित्राला थांबू नका, तंबू तर मुळीच लावू नका.

खाली काय आहे तेही बघा. घळ, कडा, हिमनदीतली भेग, तळं. उघड्या मैदानात पसरणारा तेवढाच बर्फ अरुंद घळीत साचला की माणूस कित्येक फूट खाली जातो. म्हणून छोटा उतारही घळीवर असेल तर तो मोठा समजा.

चालायला शक्यतो रुंद सोंड किंवा धार धरा. छज्जाच्या कडेपासून बरंच आत राहा, कारण तो वाटतो त्यापेक्षा मागून तुटतो.

८. चालतानाची शिस्त

तळावरून निघताना प्रत्येकाचं बीकन तपासा. एक जण पुढे उभा राहतो, बाकीचे एकेक करून त्याच्यासमोरून जातात आणि त्याच्या यंत्रावर संकेत उमटतो का ते बघतात. मग तो स्वतःचं यंत्र पाठवण्यावर आणतो आणि शेवटचा माणूस त्याचं तपासतो. ही तपासणी रोज करा, घाई असली तरी.

धोक्याचे पट्टे पहाटेच्या थंडीत पार करा. ऊन चढून बर्फ मऊ होण्याआधी खाली पोचायचं. बूट घोट्याच्या वर रुतू लागला तर उशीर झाला आहे.

पट्टा ओलांडताना एका वेळी एकच जण. बाकीच्यांनी सुरक्षित जागेवरून त्याच्यावर नजर ठेवायची. काठ्यांचे पट्टे मनगटातून काढा, जॅकेटची चेन वरपर्यंत लावा, हातमोजे घाला, मधे थांबू नका.

आणि या तीन गोष्टी दिसल्या-ऐकल्या तर चर्चा न करता मागे फिरा: पायाखालून "धुप्प" असा खोल आवाज, पावलापासून बर्फात पळत गेलेली भेग, जवळच्या तशाच उतारावर ताजं हिमस्खलन. गटात सर्वांत नवखे तुम्ही असलात तरी बोला. प्रमुख रागावेल, लोक हसतील, हरकत नाही.

९. सापडलात तर

ओरडा, म्हणजे सोबत्यांची नजर तुमच्यावर जाईल. काठ्या सोडा. फुग्याची सॅक असेल तर मूठ ओढा. कडेच्या दिशेने जोर लावा, वर राहायची धडपड करा. तोंड मिटून ठेवा. वेग कमी होतोय असं वाटलं की लगेच एक हात तोंडासमोर आणून पोकळी करा, दुसरा जमल्यास वर ताणा. थांबल्यावर बर्फ घट्ट आवळतो आणि बोटही हलवता येत नाही, म्हणून हे थांबायच्या आधीच करायचं.

१०. सोबती गाडला गेला तर

पहिल्या दहा मिनिटांत बाहेर काढलेला माणूस बहुतेकदा वाचतो. अर्धा तास उलटला की बहुतेक जण गुदमरून गेलेले असतात. बचाव पथक एवढ्यात पोचत नाही. जे आहे ते तुम्हीच.

- जो दिसेनासा झाला त्याची शेवटची जागा डोळ्यांनी पकडून ठेवा. वरून आणखी बर्फ येण्याचा धोका आहे का ते बघा. एकाने सूत्रं हातात घ्यावीत.
- उरलेल्या सगळ्यांनी बीकन शोधण्यावर आणा. एकाचंही पाठवत राहिलं तर शोध त्याच्याकडेच वळतो.
- शेवटच्या जागेच्या खालच्या भागात जा. हातमोजा, काठी, बुटाचं टोक दिसतं का ते बघत चला. वाटेत मिळालेली एक खूण अख्खा शोध वाचवते.
- संकेत मिळाला की बाणामागे जा. आकडा लहान होत जातो. शेवटच्या काही मीटरमध्ये यंत्र बर्फाला टेकवून, अगदी सावकाश, आधी सरळ रेषेत आणि मग आडवं सरकवा. सर्वांत लहान आकड्याची जागा खुणेने पक्की करा.
- तिथून प्रोब बर्फाच्या पृष्ठभागाला काटकोनात खुपसा, मग २५ सेंटिमीटरच्या अंतराने गोल गोल बाहेर जा. माणसाला लागल्यावर प्रोब थोडा दबतो, दगडासारखा ठक्क थांबत नाही. लागला की तो तसाच राहू द्या.
- प्रोबच्या वर उभं राहून खणू नका. जेवढी खोली, त्याच्या साधारण दीडपट अंतर उताराच्या खालच्या बाजूला सरका आणि तिथून आडवं आत शिरा. एक जण पुढे कापतो, मागचे बर्फ खाली ढकलतात, दमला की बदली.

आधी तोंड आणि छाती मोकळी करा. तोंडातला बर्फ काढा. श्वास नसेल तर आधी पाच वेळा तोंडाने श्वास द्या, मग छाती दाबण्याचं चालू करा. अंग थंडगार लागलं म्हणून हात थांबवू नका. शुद्धीवर असेल तर ओले कपडे बदला, खालून-वरून गुंडाळा, आडवंच ठेवा, चालायला लावू नका आणि अंग चोळू नका. मान आणि पाठ जपून हलवा, कारण हिमस्खलनातले बरेच मृत्यू मारामुळे होतात.

मदत बोलावण्यासाठी मिनिटाला सहा वेळा शिट्टी किंवा उजेड, मग मिनिटभर थांबून पुन्हा. उत्तर मिनिटाला तीन वेळा येतं. हेलिकॉप्टर दिसलं की एकाच माणसाने दोन्ही हात वर, वाय आकारात धरून उभं राहायचं; म्हणजे मदत हवी आहे. सुट्या सॅक, चटया, जॅकेट दाबून ठेवा, ते पंख्यात जातात, आणि वैमानिकाने खूण केल्याशिवाय जवळ जाऊ नका.